एक मिनिट चाळीस सेकंदांचं गाणं

आदिलाबाद
१२ नोव्हेंबर २०२४

चि. जान्हवी,

पाकिटावरचं अक्षर तू ओळखशील आणि कदाचित न उघडताच बाजूला ठेवशील. ठेव. फाडू नकोस, एवढंच. फोन मी करणार नाही. का ते तुला माहीत आहे.

तुझा पत्ता हर्षदीपकडून काढला. आधारच्या कामाला पाहिजे म्हणून सांगितलं. तुझा चुलतभाऊ असला तरी तुझ्यासारखा चौकस नाही, लगेच दिला. पालक्काड मला लिहिता येतं. पुढचं गावाचं नाव त्याच्याकडून तीनदा वदवून घेतलं, तरी बरोबर उतरलंय की नाही कोण जाणे. पिनकोड तरी बरोबर असावा.

सप्टेंबरात तू फोनवर पाठवलेलं मिळालं. वर ना खाली एक अक्षर, नुसता तुझा आवाज. एक मिनिट चाळीस सेकंद. मध्ये एकदा बाळ कुरकुरतं, तू थांबतेस, थोपटल्याचा आवाज येतो आणि परत सुरू करतेस. याला मी काय उत्तर द्यायचं? अंगठा पाठवायचा? जोडलेले हात? चार दिवस मी त्या चित्रांकडे बघत बसले आणि काहीच पाठवलं नाही. तुला वाटलं असेल, आई काही सुधारायची नाही. बरोबरच वाटलं.

मुलगी झाली एवढं हर्षदीपनं सांगितलं होतं. नाव त्यालाही ठाऊक नाही. मला माझ्या नातीचं नाव माहीत नाही, हे लिहिताना माझी मलाच लाज वाटते.

तर मी काय केलं ते सांगते, हसू नकोस. माळ्यावरून व्हायोलिन काढलं. त्या काळ्या पेटीवर बसून तू लहानपणी घोडा घोडा खेळायचीस. आत काय आहे ते मी तुला कधी उघडून दाखवलं नाही. लग्नाआधी यवतमाळला सहा वर्षं शिकले होते. इथे आल्यावर सासूबाई म्हणाल्या, रडकं वाजतं. मी भांडले नाही. मी कुठेकुठे भांडले नाही याची यादी लांबलचक आहे. गजाचे केस किड्यांनी खाल्ले होते, घोडी पडली होती, दोन तारा तुटल्या होत्या. आदिलाबादेत हे दुरुस्त कोण करणार? नांदेडला पाठवलं, तीन आठवड्यांनी परत आलं. राळ मात्र माझी जुनीच. चाळीस वर्षांनंतरही गजाला चिकटते.

तू म्हणतेस ते गाणं मला वाजवायला शिकायचंय. नीट आलं की तुला पाठवीन. तेच माझं उत्तर. मग तुला वाटलं तर पोरीचं नाव कळव. माझं एवढंच मागणं आहे.

शिकवणारीही मिळाली. वरच्या मजल्यावर जेसी म्हणून भाडेकरू आहे, कोट्टायमकडची नर्स. वीस वर्षं या जिल्ह्यात काढली, चर्चमध्ये गाते. तुझं गाणं तिला ऐकवलं तर पहिल्याच ओळीला हसली. म्हणाली, "आंटी, ये तो हमारे उधर घर-घर में गाते." तेव्हा म्हटलं, जमलं.

तुझ्या अप्पांना हे कशासाठी ते सांगितलेलं नाही. पहिल्या दिवशी मी सा लावला तर त्यांनी टीव्हीचा आवाज वाढवला. घरात तुझं नाव निघत नाही. सात वर्षांपूर्वी म्हणाले होते, "हा विषय दाखल दफ्तर." तहसिलीत फाइल बंद करून कपाटात टाकताना म्हणायचे, तसंच. शाळेत तुला तेलुगूतून पाढे, म्हणून घरी मराठीतून शिकवणारा हा माणूस. एकोणतीसचा पाढा तुला न चुकता येईपर्यंत स्वतः ताटावर बसायचा नाही. आणि पोरीची फाइल एका दिवसात बंद करून मोकळा झाला.

बाकी घरी सगळं ठीक. तब्येती ठीक.

आई


आदिलाबाद
८ डिसेंबर २०२४

चि. जान्हवी,

पत्र तुला मिळाल्याचं पोस्टाच्या साइटवर दिसलं. सही कुणाची तरी आहे, तुझी नाही. जावयांची, बिजूची असेल. त्याला माझा नमस्कार सांग, किंवा राहू दे.

थंडी फार पडली आहे. सकाळी बोटं इतकी आखडतात की आधी कोमट पाण्यात धरावी लागतात. मांडी घालून बसले की गुडघा बोलतो, उठले की कंबर. बासष्टाव्या वर्षी माणसानं देवाचं नाव घ्यावं, मी मल्याळम गाणी घेऊन बसले आहे. दिवसभराचं सगळं आटोपून व्हायोलिन हातात घ्यायला दुपारचे चार वाजतात आणि तोपर्यंत माझ्यात जीव उरलेला नसतो. खरं सांगू, कधी कधी नुसती पेटी उघडते, बघते आणि मिटून ठेवते.

जेसीनं तुझं गाणं आधी शिकवलंच नाही. म्हणाली, हात मोकळा होऊ द्या. मग होडीवाल्यांचं एक गाणं घेतलं, वल्ह्याच्या ठेक्याचं. त्यानंतर ओणमच्या दिवसांत बायका टाळ्या वाजवत फेर धरतात, त्यातलं एक. मी आपली यवतमाळच्या शिस्तीची, एकेका सुरावर ठाम उभी राहणारी. जेसी म्हणते, असं नाही, सूर जरा हलू द्या. हलवला तर म्हणते, एवढा नाही. शब्द तिनं मला देवनागरीत लिहून दिलेत. त्यात एक अक्षर असं आहे की ळ म्हटलं तरी चूक आणि य म्हटलं तरी चूक. व्हायोलिनला जीभ नसते हे किती बरं आहे.

राहीबाई अजून आपल्याकडेच कामाला आहे. बेल्याहून सकाळच्या बसनं येते. परवा फरशी पुसता पुसता थांबली नि म्हणाली, "बाई, हे काय वाजवून राह्यल्या तुमी? लेकरू निजवल्यावानी वाटते." मी म्हटलं, तसंच आहे ते. तर म्हणे, "मंग काऊन एवढं तोंड पाडून वाजवता? लेकरू भिऊन जाईल नं." हिला तुझ्या गाण्याचं कुणी सांगितलं नव्हतं.

आता अडचण सांगते. तुझं गाणं मी तुझ्या आवाजावरूनच बसवलं. शंभर वेळा ऐकलं असेल. पहिली ओळ आली, दुसरी आली. जेसीला वाजवून दाखवलं, तर ओळीच्या शेवटी तिनं हात वर केला. "आंटी, यहाँ नीचे नहीं जाना. सीधा सा पे आना." मी म्हटलं, माझी मुलगी खालीच जाते. तिनं फोन कानाला लावून ऐकलं. खरंच, प्रत्येक ओळीच्या शेवटी तू खालच्या पंचमापर्यंत उतरतेस, तिथे थोडी रेंगाळतेस आणि मग सा वर येतेस. जेसी म्हणाली, आमच्याकडे कुणीच असं म्हणत नाही, तुमची मुलगी चुकीचं गाते.

मला वाईट वाटलं. तिकडे तुला कुणी हसत तर नसेल? तुझ्या सासूबाई काही बोलत नसतील ना, मराठी पोरीला आपलं गाणं धड येत नाही म्हणून? माझं मन कुठे कुठे जातं. मी ठरवलं की बरोबर चाल शिकायची आणि तीच तुला पाठवायची. म्हणजे तुलाही कळेल, कुणी हसणार नाही.

हे मात्र आता टीव्हीचा आवाज वाढवत नाहीत. उठून व्हरांड्यात जातात आणि पेपर उघडून बसतात. सकाळी वाचून झालेलाच पेपर.

आई


आदिलाबाद
६ जानेवारी २०२५

चि. जान्हवी,

दोन पत्रांना उत्तर नाही. अपेक्षा नव्हती असं लिहिणार होते, पण ते खोटं होईल. रोज दुपारी पोस्टमनची गाडी वाजली की मी दारात जाते. तो आता मला बघूनच मान हलवतो.

मागच्या पत्रांत मी दोन गोष्टी लपवल्या. आज लिहिते, कारण पुढच्या वेळी धीर होईल न होईल.

पहिली, तब्येती ठीक नाहीत. अप्पांच्या उजव्या हाताला कंप आहे. दोन वर्षं झाली. आधी नुसता अंगठा हलायचा, आता मनगटापासून हलतो. चहाचा कप दोन्ही हातांनी धरतात. शर्टाची बटणं मी लावते, दाढी मी करते, वरणभात कालवून चमचा हातात देते. नागपूरच्या डॉक्टरांनी गोळ्या दिल्या आहेत. गोळ्यांनी वाढणं थांबलं, कमी झालं नाही. अप्पांना कुणी बघितलेलं आवडत नाही, म्हणून लग्नाकार्याला जाणं बंद. घरी कोणी आलं की हात मांडीखाली घालून बसतात. मी थकले गं. त्यांच्यापुढे म्हणत नाही, तुला म्हणते.

दुसरी गोष्ट ते पत्र. तुझ्या लग्नानंतर गेलेलं. तुला ठाऊकच आहे, अप्पांचं अक्षर त्यांच्या साहेबांनाही लागायचं नाही, म्हणून घरातली सगळी पत्रं ते सांगायचे आणि मी लिहायचे. तेही तसंच. व्हरांड्यात उभे राहून त्यांनी तीन वाक्यं सांगितली. तू तुझ्या मर्जीने लग्न केलेस. आमची त्यास संमती नव्हती. यापुढे या घराशी तुझा संबंध राहिलेला नाही. एखाद्या दरखास्तीवर शेरा मारावा तशी. मी लिहिली.

चौथं वाक्य त्यांनी सांगितलेलं नव्हतं. "मला फोन करू नकोस." ते माझं.

बिजूबद्दल तू मला वर्षभर आधी सांगितलं होतंस. दुपारी हे झोपले की तुझा फोन यायचा आणि मी स्वयंपाकघरात दबक्या आवाजात सगळं विचारून घ्यायचे. तो काय करतो, घरी कोण कोण आहे, मासे खातो का. मी तुला म्हटलं होतं, वेळ आली की मी बोलेन त्यांच्याशी. वेळ आली आणि मी बोलले नाही. मला एकच भीती होती. तू परत फोन करशील, हे उचलतील आणि मला आधीपासून माहीत होतं हे कळेल. म्हणून ते वाक्य. तुला वाटलं असेल, आईला इतका राग आला. राग नव्हता, जान्हवी. आईनं कातडी वाचवली.

तू माझ्यावर जास्त चिडली आहेस, अप्पांवर कमी, असं हर्षदीप एकदा बोलून गेला. तेव्हा मला ते टोचलं होतं. आता वाटतं, पोरीनं नीट वाचलं होतं पत्र.

हे मी यांनाही सांगितलं, परवा, त्यांची बटणं लावताना. वरून दुसऱ्या बटणाला सांगायला सुरुवात केली आणि शेवटच्या बटणापर्यंत संपवलं. हात हलत होता, तो नेहमीच हलतो.

गाण्याचं सांगते. ते खाली उतरणं मी काढून टाकलं. सोपं नव्हतं. तुझ्यावरूनच शिकले होते, त्यामुळे बोट आपोआप खाली घसरायचं आणि जेसी दर वेळी "नहीं आंटी" म्हणायची. आता सरळ सा वर येते. जेसी खूश आहे. मला मात्र ते वाजवल्यावर काहीतरी राहून गेल्यासारखं वाटतं, पण ते माझ्या मनाचे खेळ असतील. दोन फेब्रुवारीला तुझा वाढदिवस. त्या दिवशी सकाळी वाजवून फोनवर भरीन आणि पाठवीन. न पाठवता राहू नये म्हणून हे तुला आधीच लिहून टाकते.

आई


आदिलाबाद
३ फेब्रुवारी २०२५

चि. जान्हवी,

काल पाठवायचं ठरलं होतं, पाठवलं नाही. रागावू नकोस, आधी ऐक.

काल सकाळी अंघोळ करून बसले. जेसीची ड्यूटी होती, तिनं आदल्या दिवशी सगळं ऐकून "परफेक्ट" म्हणून पाठ थोपटली होती. राहीबाईला सांगितलं, भांडी आपटू नकोस. हे व्हरांड्यात पेपर घेऊन. फोन पाटावर टेकवून उभा केला, बटण दाबलं आणि सुरू केलं. पहिली ओळ झाली, सरळ सा वर आले. दुसरी झाली. तिसरीला दारातून आवाज आला.

"ते काऊन काढलं?"

बघते तर हे चौकटीला धरून उभे. मी गज उचलला. म्हटलं, काय काढलं?

"खाली जायचं. ते काऊन काढलं तू?"

मी म्हटलं, ते चूक होतं, जेसीनं दुरुस्त केलं, मूळ गाण्यात तसं नाही.

"त्या नर्सले काय मालूम?" म्हणाले. अन् मग तिथेच उभं राहून, माझ्याकडे न बघता, त्यांनी सुरू केलं. एकोणतीस आठे दोनशे बत्तीस. एकोणतीस नवे दोनशे एकसष्ट. एकोणतीस दाऽऽहे... आणि आवाज उतरला. पायऱ्या उतराव्या तसा उतरला, खालच्या पंचमावर, तिथे थोडा रेंगाळला. मग वर येऊन, दोनशे नव्वद.

जान्हवी, तेच. तेच्या तेच.

मी व्हायोलिन मांडीवर ठेवून बसून राहिले. इतकी वर्षं रोज संध्याकाळी दिवा लागला की तुम्ही दोघं ओट्यावर बसून पाढे म्हणायचात आणि मी आत कणीक तिंबत ऐकायचे. यवतमाळला सहा वर्षं शिकलेली मी, आणि मला ते ओळखू आलं नाही. मी आकडे ऐकत होते, तू चुकतेस का ते बघायला. चाल त्यांनी लावलेली होती आणि ती त्यांनाच आठवली. तू तिकडची अंगाई म्हणतेस आणि ओळ संपली की अप्पांच्या दाहेला खाली येतेस. तुलाही हे माहीत नसेल. माहीत असतं तर तू ते काढून टाकलं असतंस, मी टाकलं तसं.

मग मला सुचलं, की यांना कसं कळलं तू तिथे खाली जातेस? हे गाणं तुझं आहे हे मी त्यांना सांगितलंच नव्हतं. तसं विचारलं तर हे स्वयंपाकघराकडे बघायला लागले. राहीबाई आतून हात पुसत आली. "मले काय मालूम, बाई, तुमाले सांगायचं नाही म्हून? तुमी दुपारी जराशा निजल्या का साहेब म्हणत, राहीबाई, त्या फोनमधला तो तिकोना दाबा. मी दाबून देत होती. त्यायचं बोट ठरत नाही नं." मी विचारलं, कधीपासून? "झालं नं बाई, कापूस वेचणी लागली तवापासून. एका दिवशी तर चार डाव दाबला."

म्हणजे मी नांदेडहून व्हायोलिन यायची वाट बघत होते, तेव्हापासून हे ऐकत होते. बंद फाइल रोज दुपारी बाहेर निघत होती, आणि मी शेजारच्या खोलीत घोरत होते.

मी त्यांना म्हटलं, अहो, मग एका शब्दानं बोलायचं तरी. तर म्हणाले, "काय बोलू? तूनं तरी कुठं सांगितलं मले?" आम्ही दोघं चोरून तुलाच ऐकत होतो आणि एकमेकांना सांगत नव्हतो. चाळीस वर्षांचा संसार आहे आमचा.

मग मला रडू आलं आणि त्यांनाही आलं. त्यांचं रडणं मी सासऱ्यांच्या वेळी बघितलं होतं, त्यानंतर कालच. राहीबाईनं न विचारता चहा टाकला.

आज परत बसले. चुकीसकट वाजवलंय. जेसीला सांगितलं तेव्हा ती आधी कपाळाला हात लावून बसली, मग सगळं ऐकून डोळे पुसत वर गेली. तिनं माझ्यावर घेतलेली मेहनत वाया गेली म्हणायची. पण तिची ती दोन गाणी मी सोडणार नाही, होडीचं आता बरं येतं. गाणं आज संध्याकाळी फोनवर पाठवते, हे पत्र मागून येईल. एक मिनिट बावन्न सेकंद झालंय, मी तुझ्यापेक्षा हळू आहे. हात दोनदा घसरला आहे, तिकडे दुर्लक्ष कर. प्रत्येक ओळीच्या शेवटी मागे एक घोगरा आवाज ऐकू येईल. तो टीव्ही नाही.

ये असं मी लिहीत नाही. तो हक्क मी घालवला आहे, आणि प्रवासही लांबचा आहे. आम्हाला बोलावलंस तर त्यांना गाडीत कसं बसवायचं, जेवायला कसं घालायचं, ते मी बघेन.

इथून खाली जे आहे ते माझं अक्षर नाही. मजकूरही मी सांगितलेला नाही. मी म्हटलं, तुम्ही सांगा, मी लिहिते, नेहमीसारखं. तर नाही म्हणाले. दोन कागद वाया गेले. हा तिसरा, ते लिहीत असताना मी तो दोन्ही हातांनी दाबून धरला होता. लागायला वेळ लागेल, पण लागेल.

आई

जान्हवी
दाहेला खाली येते ते बरोबर आहे. तसंच म्हण.
पोरीचं नाव कळव.
अप्पा